एकशे ऐंशी हप्ते आणि मागीलदार

"माझा घर पाच हजारांचा म्हणतत ते गाढव," काशिनाथ मास्तरांनी सोडावाल्याच्या बाकावर बसून जाहीर केलं. "माझा घर सात हजार सहाशे साडेसत्तावीस रुपयांचा. अख्ख्या मालवणात आपल्या घराची खरी किंमत ठाऊक असलेलो माणूस एकच आसा, आणि तो तुमच्या म्होरे बसलोहा."

सोडावाल्याने बाटली फोडली आणि विचारलं, "आणि जास्तीचे सव्वीसशे कित्याक दितास?"

"व्याज रे! लोक कर्ज घेतत आणि व्याज इसारतत. मिया इसारतलंय? बावीस वर्सां पोरांका व्याज शिकवतंय. माझो हिशोब चुकूचो नाय."

ही गोष्ट एक्कावन्न सालच्या मे महिन्यातली. काशिनाथ नाबर हायस्कुलात गणित शिकवायचे. पगार पंच्याण्णव रुपये. बंदरापासून थोड्या अंतरावर त्यांनी जांभ्या दगडाचं, मंगलोरी कौलांचं घर उभं केलं होतं, आणि त्यासाठी गावातल्या गृहबांधणी सोसायटीकडून पाच हजारांचं कर्ज काढलं होतं. घर गहाण, मुदत पंधरा वर्षं, म्हणजे एकशे ऐंशी हप्ते. सोसायटीचे सेक्रेटरी अप्पा सामंत. त्यांची कचेरी सुक्या खोबऱ्याच्या वखारीवर होती, त्यामुळे सोसायटीच्या प्रत्येक कागदाला खोबऱ्याचा वास यायचा.

"मास्तरानू, हंय सही," अप्पा म्हणाले होते.

"आधी सांगा, हप्तो बेचाळीस रुपये सहा आणे कसो काढलात? माझ्या हिशोबान बेचाळीस रुपये तीन आणे येतत."

"बरोबर आसा तुमचो हिशोब."

"मगे वरचे तीन आणे?"

"ते सोसायटीच्या चायचे."

मास्तरांनी चहासकट गुणाकार केला. सात हजार सहाशे सत्तावीस रुपये आठ आणे. घरी येऊन हा आकडा त्यांनी स्वयंपाकघराच्या दाराच्या आतल्या बाजूला खडूने लिहिला. बायको सत्यवती पाटावर बसून नारळ खवत होती. तिने मान वर करून बघितलं.

"ह्या काय?"

"आपल्या घराची खरी किंमत."

"पुसतला कोण?" एवढंच ती म्हणाली. ती नवीन घराच्या प्रत्येक दरवाजातून दिवसातून दहादा ये-जा करत होती. पुढल्या दरवाजाला तिने झेंडूचं तोरण बांधलं होतं, आणि त्या दरवाजासाठी मास्तरांनी पावणेतीन रुपयांचं पितळी कुलूप आणलं होतं, दोन किल्ल्यांचं. घरात सतत माणूस असल्यामुळे ते कधी लावावं लागलं नाही.

गृहप्रवेशाला देवापुढे गाऱ्हाणं घालायला बाबली घाडी आला. त्याचा आवाज असा की खाडीपलीकडची गुरं माना वळवायची. घरापुढच्या खळ्यात पानावर नारळ ठेवून तो उभा राहिला, मागे पन्नासेक माणसं हात जोडून.

"बा देवा म्हाराजा! ह्या काशिनाथान तुझ्या जागेर घर बांधल्यान, तेची कायेक चूकभूल झाली आसात तर ती पदरात घे रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

मास्तर त्याच्या कानाशी लागले. बाबलीने डोळे न उघडता मान हलवली.

"आणि ह्येचे एकशे ऐंशी हप्ते येळच्या येळेर सोसायटीक पोचव रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!" अप्पा सामंतांचा आवाज सगळ्यांत मोठा होता.

"आणि ह्या घर सदा माणसांनी भरलेला ठेव रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

सत्यवतीही सगळ्यांबरोबर म्हणाली. गाऱ्हाण्यात नावं घ्यावी लागतात, कुणाची माणसं, किती माणसं, ते देवाला फोडून सांगावं लागतं, हे तिथे सगळ्यांना माहीत होतं. पण ऊन चढलं होतं आणि आत खीर निवत होती. नावं घ्यायची राहून गेली.

मास्तरांची बढाई दिवाळीपर्यंत टिकली. हप्ता भागवायला त्यांनी चार मुलांची शिकवणी धरली होती, महिना पाच-पाच रुपये. सहामाही परीक्षेत चौघेही नापास झाले. विषय गणित. चारही बापांनी शिकवणी बंद केली, आणि त्यातला एक तर झालेले पाच महिन्यांचे पैसे परत मागायला आला.

अप्पांनी वाट दाखवली. "म्होरली बाजू भाड्यान दिया. दत्ताराम शिंपी जागा बगता. पंचवीस रुपये देयत. तुमी मागल्या खोलयेत ऱ्हवा. दोन वर्सां, मगे सगळा सुरळीत."

ते सत्यवतीला सांगायला मास्तरांनी तीन दिवस घेतले. चौथ्या दिवशी जेवताना ताटाकडे बघत सांगितलं. सहा वर्षांची सरला शेजारी बसून आमटीतला भोपळा बाजूला काढत होती.

"म्हणजे मिया माझ्या घरात मागीलदारान येवचा?" सत्यवती म्हणाली.

"दोन वर्सांचो प्रश्न गो."

"आणि म्होरल्या दारान शिंप्याची बायल येतली."

"ती पंचवीस रुपये देतली."

सत्यवतीने त्यांना आणखी भात वाढला. तिचा आवाज चढला नाही. "मगे दोन वर्सांनी बोलवा. म्होरल्या दारान येयन."

दत्ताराम शिंप्याचं मशीन पुढल्या पडवीत लागलं त्याच सकाळी ती सरलेला घेऊन सावंतवाडीला भावाकडे गेली. जाताना कैरीच्या लोणच्याची बरणी मास्तरांच्या खोलीत ठेवली. भांडण कसलंच झालं नाही. गाडीच्या खिडकीतून तिने विचारलं, "औषधाची बाटली खंय ठेवली ती गावली मां?" मास्तर म्हणाले, "गावली." ती गावली नव्हती.

दत्ताराम माणूस इतका चांगला, की त्याच्यावर रागावायचीसुद्धा सोय नव्हती. भाडं एक तारखेला. मासळी आली की अर्धी मागीलदारी. घराचं कौल हललं की मास्तरांच्या आधी तो वर. त्याचा गणपती माजघरात बसायचा आणि मास्तरांना पहिला मोदक यायचा, मागच्या दाराने. मास्तर आपल्या खोलीत बसून भिंतीपलीकडचं मशीन ऐकायचे. मशीन थांबलं की दत्ताराम जेवायला बसला हे त्यांना कळायचं, आणि मग तेही तवा चुलीवर ठेवायचे. कोणीतरी जेवत असताना जेवलं की बरं वाटतं.

दर महिन्याला ते सत्यवतीला कार्ड टाकायचे. "हप्ते शिल्लक १६१." "हप्ते शिल्लक १६०." तिचं उत्तर यायचं: "कार्ड पोचलं. सरलेला गोवर आला होता, उतरला. तुमचा खोकला?"

दोन वर्षं संपली. मास्तरांनी हिशोबाला बसून बघितलं तर भाड्याचे पंचवीस रुपये यायचे आणि सावंतवाडीला वीस रुपयांची मनीऑर्डर जायची. उरलेले पाच दिवाळीत आणि मे महिन्यात तिकडे जायच्या यस्टीला. म्हणजे भाडेकरू ठेवल्यामुळे बायको गेली होती, आणि भाडेकरूचं सगळं भाडं ती गेलेली ठेवण्यात खर्च होत होतं. चोवीस वर्षं गणित शिकवलेल्या माणसाला हे कळायला चोवीस महिने लागले. ते तसेच उठून पुढे गेले.

"दत्ताराम, जागा खाली करशीत?"

दत्तारामाने सुई ओठांतून काढली. "करतंय मास्तरानू. पण बायल पोटुशी हा. ह्या दिवसांत तिका खंय हलवू?"

मास्तर माघारी आले. बाळंतपण झालं, मूल रांगायला लागलं, मास्तर परत गेले. दत्ताराम लाजला. "मास्तरानू, परत दिवस गेलेहत."

असं पाचदा झालं. त्या घरात पाच जन्म झाले आणि पाचांतला एकही नाबर नव्हता. बाबली घाड्याचं गाऱ्हाणं देवाने शब्दाला शब्द मानलं होतं.

सत्यवती तिकडे गप्प बसणारी नव्हती. भावाच्या शेजारी लाकडी खेळणी करणारं घर होतं. तिने आधी वेळ जावा म्हणून तिथली लाकडी फळं रंगवायला घेतली, मग पैशांसाठी. तिचा आंबा असा व्हायचा की मास्तरांनी एका दिवाळीत तो पिकलाय का म्हणून दाबून बघितला. ती हसली. त्या वर्षीचं तेवढं एकच हसणं मास्तरांनी बरोबर आणलं आणि यस्टीत कुडाळपर्यंत पुरवलं.

सत्तावन्न साली आणे गेले, नवे पैसे आले. सहा आण्यांचे साडेसदतीस नवे पैसे होतात. सरकारी कोष्टकात सदतीस लिहिलेले. मास्तर बेचाळीस रुपये सदतीस नवे पैसे घेऊन गेले.

"अडतीस," अप्पा म्हणाले.

"सरकार सदतीस म्हणता."

"सोसायटी अडतीस म्हणता. अर्धो पैसो आमी खंय मोडतलंव?"

"मिया जास्तीचो अर्धो पैसो देवचंय नाय. तत्त्वाचो प्रश्न आसा."

अप्पा हसले आणि सदतीसची पावती फाडली. मास्तर जिंकून घरी आले. ही बातमी ज्याला सांगावी असं घरात कोणी नव्हतं, म्हणून दत्तारामाला सांगितली. दत्ताराम म्हणाला, "बरा केलास!" आणि मशीन चालू केलं.

पासष्ट साली सरलेचं लग्न ठरलं, दोडामार्गाकडचा मुलगा, काजूच्या बागा. मास्तरांच्या मनात होतं, मांडव आपल्या खळ्यात पडावा. दत्तारामच आपणहून आला.

"मास्तरानू, चार दिवस खळो घेवा. माजघरपण घेवा. भाडा नको हां!"

मास्तरांनी हे सावंतवाडीला जाऊन सांगितलं. सत्यवती एका लाकडी केळ्याला पिवळा रंग देत होती.

"भाडेकरू आमका आमचा घर उसना देता?"

"चांगल्या मनान म्हणता गो तो."

"तेचा मन चांगलाच आसा. लगीन हंय जातला."

लग्न मामाच्या दारात झालं. मास्तरांनी कन्यादान केलं आणि संध्याकाळच्या गाडीने परत आले, कारण दुसऱ्या दिवशी एक तारीख, हप्त्याचा दिवस होता. सरला सासरी गेल्यावर सत्यवतीने भावाचं घर सोडलं आणि खेळणीवाल्यांच्या आळीत एक खोली घेतली. त्या खोलीला दार एकच होतं, पुढचं.

सहासष्टच्या मे महिन्यात मास्तरांनी एकशे ऐंशीवा हप्ता अप्पांच्या टेबलावर ठेवला. नवा सदरा घातला होता. शिवणावळ दत्तारामाने घेतली नव्हती.

"अभिनंदन," अप्पा म्हणाले. "आता चौदा रुपये तीस पैसे दिया म्हणजे कागद मोकळे."

"कसले चौदा रुपये?"

"सत्तावन्नापासून एकशे धा हप्ते एकेक पैशान कमी. एक रुपयो धा पैसे. अपुऱ्या हप्त्याक दंड बारा पैसे, एकशे धा येळा."

"नऊ वर्सां पावत्यो फाडलात, एक शब्द बोलाक नाय?"

"तत्त्वाचो प्रश्न होतो मां? मिया तत्त्वात पडणंय नाय."

मास्तर चार महिने भांडले. अर्ज लिहिले, कोष्टकाची सही-शिक्क्याची नक्कल जोडली. सत्यवतीला कार्ड टाकलं, "हप्ते शिल्लक ०. थोडी वाट पाहा." चतुर्थी तोंडावर आली तेव्हा त्यांनी चौदा रुपये तीस पैसे मोजले. कागद हातात आले. खोबऱ्याच्या तेलाने एका कोपऱ्यात पारदर्शक झालेले.

दत्तारामाला एवढा आनंद झाला की त्याने पेढे वाटले. पाचही मुलं मास्तरांच्या पाया पडली.

"आता जागा, दत्ताराम," मास्तर म्हणाले.

दत्तारामाने पेढ्याचा पुडा खाली ठेवला. त्याचे डोळे खरंच भरून आले. "मास्तरानू, पंधरा वर्सां झाली. पोरांची शाळा हंय, माझी गिऱ्हाइकां हंय. कचेरीत इचारलंय. ते म्हणतत, भाडेकऱ्याक असो काढूक येणा नाय. कायदो आसा." मग हळूच म्हणाला, "माका तुमचो लय वायट वाटता."

वकिलानेही तेच सांगितलं, फक्त त्याला वाईट वाटलं नाही. दावा लावायचा तर सहाशे रुपये, सात-आठ वर्षं. "आणि एक लक्षात ठेवा, तुमची मागची खोली एक दिवसही बंद ठेवू नका. तीही जाईल."

ही बातमी अप्पांकडे वकिलाच्याही आधी पोचली असावी. ते छापील फॉर्म घेऊन मागीलदारी हजर झाले.

"सहाशे रुपये? त्येत काय! सोसायटी देता. तुमचा घर आता मोकळा आसा. गहाण ठेवूक एकदम बरा."

त्या दुपारी मास्तर स्वयंपाकघराच्या दारासमोर बसले. खडूचा आकडा पंधरा वर्षांत फिका झाला होता, पण वाचता येत होता. त्यांनी खडू घेतला आणि खाली लिहायला सुरुवात केली. मनीऑर्डरी. यस्टी. चौदा रुपये तीस पैसे. मग त्यांना एक वेगळंच गणित सुचलं आणि ते बोटांवर मोजू लागले. घर बांधल्यापासून सत्यवतीच्या हातचं किती वेळा जेवलो? पहिले सहा महिने सोडून. दिवाळीचे दिवस, मे महिन्याचे दिवस, मधल्या ज्या वर्षी शाळेच्या कामामुळे जमलं नाही ती वजा. दोनशे नऊ जेवणं. त्यातली अकरा सरलेच्या लग्नाच्या धामधुमीतली, त्यांना आचाऱ्याने वाढलं. उरली एकशे अठ्ठ्याण्णव. सरला सहा वर्षांची असताना भोपळा खायची नाही. आता खाते की नाही, हे त्यांना माहीत नव्हतं.

पलीकडे मशीन थांबलं होतं. दत्ताराम, त्याची बायको आणि पाच मुलं जेवायला बसली होती. मास्तरांनी तवा ठेवला नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटे ते उठले. वकील गेला खड्ड्यात. पेटीतून पितळी कुलूप काढलं. एक किल्ली घेतली, दुसरी पेटीतच राहू दिली. पंधरा वर्षांत पहिल्यांदा मागीलदाराला कुलूप लावलं आणि पहिली गाडी पकडली. सदऱ्याच्या खिशात अप्पांचा फॉर्म होता, कारण सदरा तोच होता.

कुडाळच्या स्टँडवर समोरून मालवणची गाडी आली आणि दोन्ही गाड्या खिडकीला खिडकी लावून उभ्या राहिल्या. ती गाडी खच्चून भरलेली. आपल्याला बसायला मिळालं म्हणून मास्तरांना बरं वाटलं. ते सत्यवतीला काय बोलायचं ते मनात जुळवत होते, आणि मान खाली घालून.

सावंतवाडीत तिच्या खोलीला कुलूप होतं. समोरच्या राधाबाई मातीच्या थाळ्यात रंग कालवत बसल्या होत्या.

"सत्यवती खंय गेली?"

"सांगूक नाय. सकाळीच गेली. नवीन लुगडा नेसान."

"चेडवाकडे गेली आसात."

"आसात. घाईत होती."

मास्तर पायरीवर बसले. बारा वाजले, एक वाजला. दोडामार्गला गेली म्हणजे चार दिवस यायची नाही. त्यांनी खिशातला फॉर्म काढला. पुढल्या बाजूला कर्जदाराचं नाव, गहाण मिळकतीचं वर्णन, सगळं कोरं. मागल्या बाजूला त्यांनी पेन्सिलीने लिहिलं: "घर राहू दे. ही माझ्या खोलीची किल्ली, आता मला तिचं काम नाही. शनिवारी पेटी घेऊन तुझ्याकडे राहायला येतो. चालेल ना?" कागदात किल्ली गुंडाळली आणि दाराखालून आत सरकवली. फरशीवर ती घसरत लांब गेली. मास्तरांना फार हलकं वाटलं. परतीच्या गाडीत त्यांनी कंडक्टरला कारण नसताना सांगितलं, "घराची खरी किंमत लोकांक कळणा नाय."

"मालवण?" कंडक्टरने विचारलं.

दिवेलागणीला ते मालवणात पोचले. दत्ताराम पुढल्या पडवीत दिवा लावत होता. मास्तरांना बघून तो धावत खळ्यात आला.

"मास्तरानू, खंय होतास? वयनी इल्ली!"

"कोण वयनी?"

"तुमची हो! अकराच्या गाडीन. सरळ मागीलदाराक गेली. मिया म्हटलंय, म्होरसून येवा. तर म्हणता, नको, आज मागल्या दारानच जातंय, तेंका सांगूचा आसा. बगता तर कुलूप."

"मगे?"

"न्हाणीच्या पायरेर बसली. दोन तास. पाऊस इलो तेव्हा माझ्या बायलेन हाताक धरून आत आणल्यान."

"खंयच्या दारान?"

"म्होरल्या." दत्तारामाला वाटलं आपण चुकलो. "दुसऱ्या खंयच्या आणतलो? चाय घेतल्यान. पोरांका एकेक लाकडी आंबो दिल्यान. घर सगळा फिरान बगल्यान. म्हणाली, बरा ठेवलास."

"आणि काय म्हणाली?"

"इचारल्यान, मास्तर कुलूप कधीपासून लावतत? मिया म्हटलंय, आजच पयल्यांदा. तर पिशवी उचलल्यान. तीनच्या गाडीन गेली."

मास्तर घराला वळसा घालून मागीलदारी गेले. न्हाणीच्या पायरीवर एक लाकडी आंबा ठेवलेला होता. तो त्यांनी दाबून बघितला. मग खिशात हात घातला. एक किल्ली सावंतवाडीत बंद दाराच्या आत होती. दुसरी ह्या दाराच्या आत, पेटीत. कुलूप पावणेतीन रुपयांचं होतं, पितळी, आणि दत्तारामाने दगड घातला तरी ते तुटलं नाही.